स्वतंत्रपूरला जाऊन आलो (बाहेरूनच)

आधीच कबूल करून टाकतो म्हणजे नंतर शिव्या नकोत. मी स्वतंत्रपूरला गेलो पण आत गेलो नाही, दारावरनंच परत आलो आणि तेही माझ्याच आगाऊपणामुळं, ते पुढं सांगतो. तरी लिहायला बसलोय कारण साताऱ्यात चार जणांना विचारलं तर तिघांना हे ठिकाणच माहीत नव्हतं आणि चौथा म्हणाला "ते पिक्चरमधलं का?" तर हो, तेच.

सांगली जिल्ह्यात आटपाडीजवळ ही कैद्यांची शेतवस्ती आहे. तुरुंग म्हटला की आपल्या डोळ्यासमोर उंच भिंत आणि वर काचा येतात, तसलं इथं काही नाही. शिक्षेतली बरीच वर्षं नीट वागून काढलेले कैदी इथं बायकापोरांसकट राहतात, रानात राबतात. खुली कारागृहं महाराष्ट्रात बरीच आहेत पण घरदार घेऊन राहायची खुली वसाहत ही एकच. क्षमता २८ कैद्यांची. आता बघा, बाकीच्या गावांची लोकसंख्या जन्म-मृत्यूवर आणि पोटासाठी कोण कुठं गेलं यावर ठरते, इथली कागदावर ठरलेली आहे, आणि इथं म्हातारा झालेला 'मूळ गावकरी' असा कोणी नसतोच. सुटका झाली की माणूस गेला, त्याची खोली दुसऱ्याला. हेच मला बघायचं होतं, गाव म्हणजे नेमकं काय राहतं मग मागं.

मी आणि चुलतभाऊ शुक्रवारी सकाळी मोटरसायकलवर निघालो. सातारा, रहिमतपूर, औंध. थेट आटपाडीला गेला तर लवकर पोचाल, पण माझं ऐकाल तर औंध चुकवू नका, कारण स्वतंत्रपूरची सगळी मुळं तिथंच आहेत. यमाईचं दर्शन घ्या, डोंगरावर म्युझियम आहे तिथं निवांत दोन तास घालवा (सुट्टीचा वार आधी फोन करून विचारा, आमच्या ओळखीतला एकजण तीनदा जाऊन कुलूप बघून आलाय). म्युझियममध्ये रविवर्म्याची चित्रं तर आहेतच पण हेन्री मूरचं आई-मुलाचं दगडी शिल्पसुद्धा आहे, इंग्लंडच्या माणसाचं काम खटाव तालुक्यात कसं आलं असा प्रश्न पडला की तुम्हाला औंधचे राजे कळायला लागले असं समजायचं.

राजे म्हणजे बाळासाहेब, भवानराव पंतप्रतिनिधी. शाळेत सूर्यनमस्कार घालायला लावले त्याचं खापर, किंवा श्रेय, यांच्याकडं जातं. संस्थान छोटं, ७२ गावांचं, आणि तेही सलग नाही, एक तुकडा औंधला, एक कुंडलला, एक पार आटपाडीला आणि एक गुणदाळचा तर विजापूरकडं, मधे इंग्रजांचा मुलूख आणि दुसऱ्यांची संस्थानं. स्वतःच्याच राज्यात फिरायला दुसऱ्याच्या हद्दीतनं जायला लागायचं. या राजानं १९३९ साली गांधीजींच्या सल्ल्यानं घटना केली आणि कारभार लोकांच्या हातात दिला, खाली गावपंचायत आणि तिथनं वरपर्यंत. राजानं स्वतःहून राज्य सोडलं. आपल्याकडं सोसायटीचा चेअरमन सोडत नाही.

याच सुमारास औंधात एक माणूस होता, मॉरिस फ्रीडमन. वॉर्सात जन्मलेला पोलिश ज्यू, पेशानं इलेक्ट्रिकल इंजिनिअर, बंगलोरला मोठ्या नोकरीत होता, तिथनं गांधीजींकडं ओढला गेला, खादी घातली आणि भारतानंद झाला. धनुष तकली (सूत कातायचं साधन) ही त्याचीच. राजांचे चिरंजीव अप्पासाहेब पंत यांच्याबरोबर तो औंधला आला आणि घटनेच्या कामात पडला. कैद्यांना कोंडून ठेवण्यापेक्षा माळावर नेऊन जमीन द्या, कसू द्या, हा विचार त्याचा. राजे म्हणाले करा. जागा निवडली आटपाडीची, म्हणजे संस्थानातला कोरडा तुकडा, आणि नाव ठेवलं स्वतंत्रपूर. अजून देश स्वतंत्र व्हायला आठ वर्षं होती आणि नाव मिळालं कैद्यांच्या वस्तीला.

पुढं यावरनंच १९५७ साली शांतारामबापूंचा 'दो आँखें बारह हाथ' आला, कथा गदिमांची, आणि गदिमा याच आटपाडी तालुक्यातल्या शेटफळ्यात जन्मलेले, औंधच्याच शाळेत शिकलेले. म्हणजे त्यांना हे कुठनं सुचलं असेल ते सांगायला नको. बर्लिनला बक्षीस मिळालं, जगानं बघितला, पण आटपाडीचं नाव पिक्चरबरोबर गेलं नाही.

सातारकरांनी एक लक्षात ठेवा. १९४८ ला संस्थान विलीन झालं, १९४९ ला दक्षिण सातारा जिल्हा झाला आणि १९६० ला त्याचं नाव सांगली पडलं. म्हणजे वस्ती जागची तसूभर हलली नाही आणि तीन पत्ते बदलून झाले. त्यामुळं 'आमचं पण आहे ते' म्हणायला आपण मोकळे.

औंधहून पुढं वडूज, मायणी, विटा, खानापूर, भिवघाट, करगणी, आटपाडी असं गेलो. सगळं धरून सव्वाशे-दीडशे किलोमीटर होतं, रस्ता बराच चांगला. पण पाणी आणि पंक्चर या दोन गोष्टींची सोय करून निघा. आमच्या मागच्या टायरमध्ये बाभळीचा काटा घुसला, एक नाही दोन, आणि दुकान दीड किलोमीटर पुढं. गाडी ढकलताना चुलतभाऊ काय काय बोलला ते इथं लिहिता येत नाही. दुकानदारानं काटे काढून माझ्या हातावर ठेवले आणि म्हणाला, "ठेवा आठवण. बाभळ म्हंजी आमच्याकडचा आंबा."

भिवघाटाच्या अलीकडं-पलीकडं रानं बघत जा. पूर्वी हा सगळा पट्टा म्हणजे मेंढरं आणि कुसळं, आता डाळिंबाच्या बागा दिसतात, मधेच ऊससुद्धा. टेंभू योजनेचं पाणी. टेंभू हे कराड तालुक्यातलं कृष्णाकाठचं गाव, तिथनं पाणी टप्प्याटप्प्यानं उचलून इथवर आणलंय. ते सहज नाही आलं, नागनाथअण्णा नायकवडी आणि भारत पाटणकर यांच्यासारखी माणसं पाणी परिषदा घेऊन, मोर्चे काढून वर्षानुवर्षं भांडली तेव्हा आलं. उन्हाळ्यात गेलात तर अजूनही काही वाड्यांवर टँकर दिसेल, त्यामुळं योजना आली म्हणजे सगळं हिरवं झालं असं फोटोवरनं ठरवू नका.

मुक्काम मामांकडं होता. त्यांची वाडी लहान, नाव मुद्दाम लिहीत नाही. या भागातली एक गोष्ट बाहेरच्यांना माहीत नसते ती म्हणजे गलाई. खानापूर-आटपाडीकडची माणसं सोनं-चांदी गाळायच्या धंद्यात देशभर आहेत, केरळात जा, पंजाबात जा, सराफ कट्ट्याच्या मागच्या बोळात एखाद्या दुकानात भट्टीवर मूस ठेवलेला माणूस विट्याकडचा निघतो. दुष्काळानं हाकललेली पहिली पिढी गेली, मग भाचा, मग मेव्हणा. आटपाडी तालुक्याची लोकसंख्या २०११ च्या जनगणनेत १ लाख ३८ हजारांवर होती, पण तो आकडा त्या वेळी इथं राहणाऱ्यांचा, इथल्या असणाऱ्यांचा नाही. मामांचा थोरला तमिळनाडूत आहे, नातवंडं घरात तमिळ बोलतात. मामांनी रात्री अंगणात बसून मला सगळी वाडी मोजून दाखवली, बोटानं एकेक घर, हे बंद, हे बंद, इथं म्हातारी एकटी, ह्यांनी स्लॅब टाकलाय पण वर्षातनं आठ दिस येत्यात.

"आनि तू काय बघाय आलायस म्हनं? कैद्याचं गाव?" मामा म्हणाले. "आरं तिकडं निदान कायम भरल्यालं तरी असतंय. एक गेला की दुसरा येतोय. आमच्याकडं गेला की गेला."

शनिवारी सकाळी आटपाडीचा बाजार. हा चुकवू नका, शेळ्या-मेंढ्यांसाठी लांबनं लोक येतात आणि एखाद्या नामांकित बकऱ्याला लाखांत बोली लागते, त्याच्याबरोबर सेल्फी काढायला पण गर्दी. उजाडता उजाडता पोचा, उशिरा गेलात तर व्यवहार संपलेला आणि फक्त लेंड्या बघायला मिळतील. पांढरे बूट घालू नका. मामांनी भाजीच्या ओळीत उभं राहून सांगितलं की त्यांच्या लहानपणी स्वतंत्रपूरचे कैदी इथं भाजी घेऊन बसायचे. "माझी आय त्यांच्याकडनंच घ्यायची. म्हनायची, मापात मारत न्हाईत."

दुपारी आम्ही दोघंच स्वतंत्रपूरला गेलो. मला वाटलं होतं भिंत नाही म्हणजे आत जाता येत असेल. ड्युटीवरच्या माणसानं शांतपणे विचारलं, परवानगीचं पत्र आहे का. म्हटलं नाही, असंच बघायला आलोय. तो म्हणाला, "बघायला म्हंजे? इथं मानसं राहत्यात साहेब."

एवढंच बोलला तो. आवाज पण चढवला नाही. मी खिशातनं निम्मा काढलेला मोबाईल परत आत सारला.

तर फोटो नाहीत. रस्त्यावरनं जेवढं दिसलं तेवढं सांगतो. रान दिसलं, आणि दोरीवर वाळत टाकलेला शाळेचा युनिफॉर्म, निळी पँट, पांढरा शर्ट, लहानच होता, दुसरी-तिसरीतल्या पोराचा असेल. शेजारी बाईमाणसाची साडी. बाहेरची कुठलीही वस्ती अशीच दिसते. मी बराच वेळ त्या युनिफॉर्मकडंच बघत होतो, त्या पोराला शाळेत 'गाव कुठलं' विचारल्यावर तो काय सांगत असेल.

चुलतभाऊ शेतकरी आहे, त्याचं डोकं वेगळं चालतं. तो म्हणाला, "इथं बांध कोरत नसतील." खरंच की. इथं कसायला जमीन आहे पण सातबारा सरकारचा, नाव लागायचं नाही, वारस लागायचा नाही, त्यामुळं भाऊबंदकी नाही, मोजणी नाही, तारखा नाहीत. आपल्याकडं हातभर बांधापायी कोयता उचलून जन्मठेपेला गेलेली माणसं काही कमी नाहीत, आणि त्यातला एखादा इथं आला तर त्याच्या पुढ्यात शेवटी परत जमीनच येते, फक्त कुणाच्याच नावावर नसलेली. संध्याकाळी मामांना हे सांगितलं तर ते हसले नाहीत. त्यांचा आणि धाकट्या भावाचा विहिरीवरनं अठरा वर्षं दावा चालू आहे, मी विसरलोच होतो.

आता जाणाऱ्यांसाठी. लेखी परवानगी कारागृह खात्याकडनं आधी काढा, आणि भरपूर आधी, मी आल्यावर चौकशी केली तर एका टेबलावरनं दुसऱ्या टेबलावर असा आठवडा गेला. परवानगी मिळाली तरी कुणाला 'काय केलं होतं' विचारू नका आणि पोरांचे फोटो तर अजिबातच नको. परवानगी नसेल तर सरळ औंध, बाजार आणि खरसुंडीचा सिद्धनाथ असा बेत करा, पौषात तिथं खिलार जनावरांची यात्रा भरते, बैलांचा नाद असेल तर तेव्हाच जा. आटपाडीला एसटीचा डेपो आहे, गाडी नसली तरी अडत नाही, पण आतल्या वाड्यांवर जायचं तर कुणीतरी नात्यातलं हवंच. मार्च ते मे टाळा. पावसाळ्याच्या शेवटी आणि थंडीत रानं बघण्यासारखी असतात. जेवायला बाजरीची भाकरी आणि मटण, 'कमी तिखट' असं सांगायचा प्रयत्न आम्ही केला, त्याचा काही उपयोग होत नाही.

आणि गावच्या यात्रेच्या वेळी कुणाच्या वाडीवर जाणार असाल तर आधी कळवा. तेव्हा गलाईवाले सगळे येतात, बंद घरं उघडतात, गल्लीत केरळच्या, तेलंगणाच्या नंबरप्लेटा आणि झोपायला गच्चीवर पण जागा नाही. मामा म्हणाले तवाच ये, मग मोज वाडी.

परत आल्यावर स्वतंत्रपूरसाठी अर्ज टाकलाय. भेटीचं कारण काय लिहावं यावर चुलतभावाबरोबर अर्धा तास वाद झाला. शेवटी काहीतरी लिहिलं, 'बघायला' मात्र लिहिलं नाही.