माडावरची खबर

वेंगुर्ल्याजवळच्या एका आगरातून अण्णांचा फोन आला तो खारींची तक्रार घेऊन. "चान्यांनी माझे माड खाल्ल्यानी, मॅडम." पिकांवरच्या उंदीर-घुशींचा बंदोबस्त हे माझं रोजचं काम, पण खारीचं नाव निघालं की मी जरा सावध होते. बिचारी दिवसाढवळ्या दिसते, म्हणून पावती तिच्याच नावाने फाटते.

आगरात गेले तर माडांखाली कोवळ्या फळांचा सडा. प्रत्येकाला भोक, तेही देठाशी, जिथे साल मऊ असते. एक फळ उचलून अण्णांना भोकाची कड दाखवली. जोडीजोडीने ओढलेल्या बारीक खाचा होत्या. उंदराचे पुढचे दात जन्मभर वाढतात. कठीण आवरण फक्त पुढच्या अंगाला असतं, मागची बाजू लवकर झिजते आणि धार आपोआप लागत राहते. पण खारही त्याच कुळातली, तिचेही दात तसेच. नुसत्या खाचांवरून निकाल देता येत नाही. म्हणून विचारलं, फळं पडतात कधी?

"रात्री. धप्प करून आवाज येता."

खार दिवस मावळला की घरट्यात शिरते. माझ्यापुरती केस तिथेच संपली होती, अण्णांना मात्र ते पटेना. मग अंधार पडल्यावर बॅटरीला लाल कागद लावून खळ्यात बसलो. उंदरांना लाल उजेड फारसा दिसत नाही. थोड्या वेळाने शेंड्यात खसखस झाली आणि एक उंदीर झावळीच्या दांड्यावरून सरळ शेजारच्या माडावर गेला. अंगापेक्षा लांब शेपटी तोल सावरत इकडून तिकडे हलत होती. काळा उंदीर. हे शेंड्यातच घरटं करतात, तिथेच पिल्लं काढतात, जमिनीवर क्वचितच उतरतात. अण्णा काही बोलले नाहीत, नुसतं पान जुळवायला घेतलं.

पान तोंडात गेल्यावर खरी गोष्ट बाहेर आली. आगरात उंदीर आहेत हे त्यांना ठाऊक होतं. काही दिवसांपूर्वी त्यांनी झिंक फॉस्फाईडची काळी पूड भातात कालवून ठेवली होती. पहिल्या रात्री काही मेले, दुसऱ्या रात्रीपासून भाताला कोणी तोंड लावलं नाही. त्यामुळे उंदीर संपले असं त्यांनी धरलं आणि उरलेला आळ खारीवर आला. आता म्हणाले, "शिकले ते. एकमेकांका सांगतत."

हे मी गावोगाव ऐकते, आणि यातलं अर्धंच खरं आहे. उंदराला उलटी होत नाही. म्हणून नवं काही दिसलं की तो आधी टाळतो, मग चिमूटभर चाखून थांबतो. झिंक फॉस्फाईडचा पोटातल्या आम्लाशी संबंध आला की विषारी वायू तयार होतो आणि त्रास लगेच सुरू होतो. थोडं खाऊन वाचलेला उंदीर त्या चवीला पुन्हा शिवत नाही. पण तो दुसऱ्याला "हे खाऊ नको" असं सांगत नाही. कॅनडाच्या मॅकमास्टर विद्यापीठात बेनेट गेलेफ यांनी 1980च्या दशकात प्रयोगशाळेतल्या उंदरांवर हे तपासलं. उंदीर परतलेल्या सोबत्याचं तोंड हुंगतो. श्वासातल्या कार्बन डायसल्फाइडसोबत ज्या अन्नाचा वास येईल, ते त्याला आवडू लागतं. गंमत म्हणजे सोबती आजारी पडलेला असला तरी हुंगणाऱ्याला त्याच अन्नाची ओढ लागते. उंदरांत बातमी पसरते ती जेवणाची. धोक्याची ज्याची त्याने पोटाने शिकायची.

म्हणून मी अण्णांना विष सोडून आधी साधा भात, तेलाचा हात लावून, काही दिवस ठेवायला सांगितलं. ही बातमी पसरू दे. विष द्यायचंच तर नंतर, आणि तेही ब्रोमॅडिओलोनसारखं. ते रक्त गोठू देत नाही, परिणाम दिसायला काही दिवस जातात, त्यामुळे उंदराला त्याचा आणि खाण्याचा संबंध लागत नाही. शिफारस अशी की पाच माडांमागे एका माडाच्या शेंड्यात त्याची मेणाची वडी ठेवायची आणि बारा दिवसांनी पुन्हा. मला ती इथे नको वाटली. सकाळी तीच वडी खार खाणार, आणि मेलेला उंदीर खाणाऱ्या घुबडाच्या पोटातही ते जाणार. घुबड गेलं तर पुढच्या हंगामात मलाच परत यावं लागेल.

त्याऐवजी माडावर चढून नारळ उतरवणाऱ्या पाडेल्याला बोलावून शेंडे साफ करून घेतले. सुक्या पोया, म्हणजे फुलोऱ्यावरची वाळलेली आवरणं, आणि घरटी खाली आली. एकमेकांत शिरलेल्या झावळ्या छाटल्या. मग खोडांना जमिनीपासून साधारण दोन मीटरवर चाळीस सेंटीमीटर रुंदीचा गुळगुळीत पत्रा मारला. हा क्रम महत्त्वाचा. उंदीर वर असताना पत्रा मारला तर घरमालक आत आणि आपण बाहेर.

आता फळगळ बरीच कमी आहे, फक्त गडग्याकडची, म्हणजे हद्दीच्या दगडी कुंपणाजवळची रांग सोडून. पलीकडचं आगर चुलतभावाचं, वाद कोर्टात. त्याच्या माडांच्या झावळ्या गडग्यावरून अण्णांच्या माडांवर टेकल्यात. मी त्या चुलतभावांना भेटून पत्र्याचं समजावलं. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि विचारलं, "पत्र्याचे पैसे कोण देतलो?" अण्णा म्हणतात, माड त्याचे, खर्च त्याचा. वकिलांनी दोघांनाही बजावलंय, निकाल लागेपर्यंत त्या रांगेतल्या एकाही झावळीला कोयता लावायचा नाही.