प्रायस्नरने सोडलेल्या जागा

जत्रेच्या नाटकाला पेटीवर मी बसतो. मला पेटी कुणी शिकवली नाही. कॅसेट लावायची, ओळ ऐकायची, सूर बोटाखाली सापडेपर्यंत पुन्हा मागे फिरवायची. पोलंडचा चित्रपट-संगीतकार झ्बिग्न्येव प्रायस्नरही असाच शिकला हे कळलं, तेव्हा मला कोण आनंद झाला! क्राकूवमध्ये शिकला तो इतिहास आणि तत्त्वज्ञान. संगीत मात्र तबकड्या ऐकून, त्यातले सूर कागदावर उतरवून.

इफ्फीहून, म्हणजे गोव्याच्या चित्रपट महोत्सवाहून, रात्रीच्या कदंब बसने फोंड्याला परतताना एका मित्राने त्याचं नाव सांगितलं होतं. घरी येऊन त्याचं संगीत असलेला, दिग्दर्शक कीस्लोव्स्कीचा 'ब्लू' (1993) हा चित्रपट लावला. नवरा आणि मुलगी अपघातात गमावलेली ज्यूली रुग्णालयात बसली आहे. एक पत्रकार बाई येऊन नमस्कार करते आणि पडदा काळा होतो. मध्येच, संवाद अर्धवट सोडून. त्या काळोखात ऑर्केस्ट्रा अंगावर येतो. पडदा उजळतो तेव्हा काळ तसूभरही पुढे सरकलेला नसतो. हे संगीत तिच्या दुःखाला साथ करत नाही, ते दुःखच आहे. मी तो प्रसंग त्या रात्री पाच वेळा पाहिला.

प्रायस्नर आणि कीस्लोव्स्कीची जोडी 1985 पासूनची. त्यांनी व्हान डेन बुडेनमायर नावाचा अठराव्या शतकातला डच संगीतकार चक्क कल्पनेतून उभा केला. कीस्लोव्स्कीच्याच 'रेड'ची नायिका दुकानात त्याचीच रेकॉर्ड ऐकते. संगीत सगळं प्रायस्नरचं! 1996 मध्ये कीस्लोव्स्की गेला. दोन वर्षांनी प्रायस्नरने मित्रासाठी रेक्विएम, म्हणजे मृतासाठीचं प्रार्थनासंगीत, केलं. ते मी अजून एका बैठकीत पूर्ण ऐकू शकलेलो नाही.

यंदाच्या नाटकात आईला मुलगा गेल्याचं कळतं, तिथे आम्ही वर्षानुवर्षं जोगिया राग आळवायचो. मी हात काढून घेतला. विंगेतून आमचे काका कुजबुजले, "अरे, पेटी कित्याक राहिली?" मी मान हलवली. मांडवात देवळामागच्या जनरेटरची घरघर तेवढी ऐकू येत होती. आई खाली बसली, पदर सावरला, आणि मुलाच्या चपला उचलून उंबऱ्याच्या आत ठेवल्या.

तेव्हा भाता हलवून मी काळी चारचा एकच सूर धरला.