फॉर्मवर नसलेला पर्याय

दुबईत एका आयव्हीएफ (टेस्ट-ट्यूब बेबी) लॅबमध्ये मी एम्ब्रियॉलॉजिस्ट आहे, म्हणजे भ्रूणांचं काम माझ्याकडे. अमिरातीत भ्रूण गोठवून ठेवायला 2019च्या कायद्याने मुभा दिली. मुदत पाच वर्षं, अर्ज करून वाढवता येते. त्यामुळे सुरुवातीच्या जोडप्यांच्या मुदती अलीकडे संपायला लागल्यात. सह्या घेतल्या की झालं, असं ते काम.

त्या दिवशीचं जोडपं मात्र तयारीने आलं होतं. नवरा इराणी, बायको इजिप्तची. जुळी झालेली, नायट्रोजनच्या टाकीत आणखी तीन ब्लास्टोसिस्ट, म्हणजे पाच दिवसांचे गोठवलेले भ्रूण. मी फॉर्म पुढे केला: मुदत वाढवायची की नष्ट करायचे? बाईंनी विचारलं, "डॉक्टर, हे स्टेम सेलच्या, मूलपेशींच्या संशोधनाला देता येतील?" त्यांच्या वडिलांना पार्किन्सन्स आहे.

आमच्या साताऱ्याकडे कोणीही म्हणेल, मुसलमानी मुलखात असलं चालायचंच नाही. बाईंनी मोबाइलवर मक्केच्या फिक्ह (इस्लामी धर्मशास्त्र) परिषदेचा 2003चा ठराव काढून दाखवला. आयव्हीएफमधून उरलेल्या भ्रूणांतून मूलपेशी घ्यायला हरकत नाही. आईबापांनी राजीखुशीने दिलेले हवेत, आणि अवैध गर्भधारणेसाठी वापरायचे नाहीत. मुद्दाम गर्भपात करून मात्र नाही. नवरा लगेच म्हणाला, "आमच्या खामेनींनी 2002मध्येच मान्यता दिली. रोयान संशोधन संस्थेवाल्यांनी 2003मध्ये तेहरानात भ्रूणाच्या मूलपेशी वाढवूनही दाखवल्या." शिया-सुन्नी नवराबायकोची माझ्या टेबलावर अशी चढाओढ! गर्भात रूह, म्हणजे आत्मा, फुंकली जाते ती 120 दिवसांनी, यावर मात्र दोघांचं एकमत. माझ्या टाकीतले पाच दिवसांचे, शे-दोनशे पेशींचे.

अडलं ते आमच्याकडेच. परवाना उपचाराचा, संशोधनाचा नाही. ते कोणाकडे सोपवायचे, हेही मला सांगता येईना. जेद्दाच्या फिक्ह अकादमीने 1990मध्ये म्हटलं होतं, उरलेली फलित अंडी देखभालीविना सोडा, त्यांचं आयुष्य आपोआप संपू द्या. फॉर्मवरचं 'नष्ट करणं' म्हणजे लॅबमध्ये तेच: नायट्रोजनमधून बाहेर काढायचं, साक्षीदारासमोर नोंद करायची, डिश बाजूला ठेवून द्यायची. मौलवींनी दार उघडून ठेवलेलं आणि कारकुनी कुलूप तसंच, याचा मला खरंच राग आला.

"मग तेहरानला पाठवा," नवरा म्हणाला. मला वाटलं गंमत करतोय. पण त्याने कुरियरचा खर्च विचारला.

शेवटी त्यांनी मुदतवाढीवर सही केली. बाईंनी फॉर्मच्या समासात अरबीत दोन ओळी लिहिल्या, संशोधनाला द्यायची आमची तयारी आहे म्हणून. समासात लिहिलेलं ग्राह्य धरत नाहीत. मी फॉर्म तसाच स्कॅन केला.