त्रास न देणारे मूल

आमचे घर रावेर तालुक्यातील, केळी पिकवणाऱ्यांचे. घरात मारहाण नव्हती, फी वेळेवर भरली जात असे आणि ताटात भरीत व कळण्याची भाकरी यांना कधी तोटा पडला नाही. त्यामुळे त्या घरात मी एकाकी वाढलो असे म्हटले की नातेवाईक आजही माझ्याकडे संशयाने पाहतात. परंतु वडिलांचे बोलणे घडाचे वजन, बागेवरचा करपा आणि रात्री पंपाला वीज कधी येणार यांच्यापलीकडे क्वचितच गेले, आणि आईचे ‘जेवलास का’ व ‘अभ्यास झाला का’ यांतच आटोपले. रात्री भीती वाटली तर ती सांगायची कोणाला, हे मला कधीच ठरवता आले नाही.

श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी घरी कानबाई, आमच्या खानदेशातली देवी, बसली की रोटांच्या प्रसादासाठी सारे भाऊबंद जमत. त्या गर्दीत एखादी काकू हमखास म्हणे, ‘किती शहाणा पोरगा, काही त्रासच नाही याचा.’ माझे सर्वाधिक नुकसान या कौतुकाने केले असे माझे मत आहे, कारण गप्प बसल्यावरच घरातल्यांचे आपल्याकडे लक्ष जाते, एवढे मला त्यातून नेमके कळले.

अमेरिकी मानसशास्त्रज्ञ एडवर्ड ट्रॉनिक यांचा १९७०च्या दशकातील एक प्रयोग बराच पुढे वाचनात आला. बाळाशी हसतखेळत असलेल्या आईला ते थोडा वेळ निर्विकार चेहऱ्याने बसायला सांगत. बाळ आधी हसते, आवाज काढते, हात पुढे करते, आणि काहीच प्रतिसाद मिळेना की चिडते, मान फिरवते. मान फिरवलेले बाळ पाहून आमच्या काकूंनी त्यालाही शहाणे म्हटले असते. ‘त्यांची माया अशीच होती’ हे स्पष्टीकरण मला मान्य आहे. कर्ज, पाऊस आणि पडलेला भाव यांनी वडिलांना पुरते गुंतवून ठेवले होते. मात्र हे मोठेपणी समजते, आणि मुलाला तर त्याच वयात कोणीतरी हवे असते.

प्रयोगाच्या शेवटी आई पुन्हा हसून बोलू लागते, तरी बाळाची कुरबुर काही वेळ टिकते. हल्ली वडील फोनवर स्वतःहून विचारतात, ‘तुझं कसं चाललंय?’ मी ‘बरं आहे’ म्हणतो आणि फोन आईकडे द्यायला सांगतो.