विन्याची मिशी

दुपारी विन्याचा फोटो आला. मालिकेच्या सेटवरून. चेहरा गुळगुळीत आणि खाली 'कसा दिसतोय?' आपल्या सिनेमातले त्याचे मिशीवाले दोन सीन बाकी आहेत हे त्याच्या गावीही नाही. मी अंगठा पाठवला.

तो अंगठा अजून डोक्यातून जात नाहीये. कॅमेऱ्याचं भाडं थकलंय, साउंडवाल्याने हार्ड डिस्क अडकवून ठेवलीय, त्याचं काय ते होईल. पण मला चिडताही येऊ नये? त्याला पैसे दिले असते तर फोन करून सणसणीत झापलं असतं. वाईला शूटिंगला यायचा तर एसटीचं तिकीटसुद्धा तोच काढायचा. त्याच्यावर ओरडायचं कोणत्या तोंडाने? सगळं युनिटच तसं. कुणी उशिरा आलं की मीच त्याला चहा नेऊन देतो.

धीर द्यायला सगळे फाळक्यांना पुढे करतात. विम्याची पॉलिसी, बायकोचे दागिने वगैरे. पण त्याच गोष्टीत अण्णा साळुंकेही आहेत. ग्रँट रोडच्या हॉटेलात 10 रुपये पगारावर होते, फाळक्यांनी 15 कबूल केले, आणि 1913 साली 'राजा हरिश्चंद्र'मध्ये त्यांचीच तारामती पडद्यावर आली. बाप जिवंत असताना मिशी उतरवायची नाही अशी तेव्हाची रीत. तरी उतरली. पाच रुपये वाढवून देणाऱ्याला 'मिशी काढ' म्हणता येतं. मला 'ठेव' म्हणता येत नाही.

सरकारी अनुदानाचं तर बोलूच नये. आधी सिनेमा पुरा करा, सेन्सॉर करा, मग समिती बघणार. आणि आमचा अडलाय मिशीपाशी.

रात्री क्रेपची खोटी मिशी स्वतःलाच लावून बघितली. स्पिरिट गमने ओठ चुरचुरतो, हसलं की डावी कड सुटते. क्लोजअपला जाळी दिसणारच. आई दारात येऊन बघून गेली, काही बोलली नाही.

मग सुचलं, की बाप मेला तर मिशी जातेच! दोन्ही सीन शेवटाकडे ढकलायचे आणि त्याआधी म्हाताऱ्याला मारायचं. अंगणात तिरडीचे बांबू दाखवले की भागलं, खर्चही नाही. फक्त त्यातल्या एका सीनमध्ये बापाचं काम करणाऱ्या नानांचं मोठं भाषण होतं. महिनाभर पाठ करतायत. मेल्यावर कसं बोलणार?

उद्या त्यांना सांगायचंय. त्यांनाही अजून काही दिलेलं नाही.