आपण, आम्ही आणि देशा

तुम्ही विचारलंत म्हणून. प्रश्न दर वेळी थोड्या वेगळ्या शब्दांत येतो, पण मुद्दा एकच असतो: "साहित्यातून प्रदेशाची, देशाची ओळख घडते असं सगळे म्हणतात. ती घडते म्हणजे नेमकं काय होतं? कविता वाचून कुणी मराठी होतं का?"

नुसती वाचून होत नाही. पण मजकूर वाचणाऱ्याला कुठे उभं करतो, यानं फार फरक पडतो. आपल्या मुलखाचं कौतुक कुठल्याही भाषेत मुबलक सापडतं आणि त्यातलं बरंचसं दुसऱ्या दिवशी आठवतही नाही. माझ्या मते ओळखीचं खरं काम कौतुकात नसतं, ते व्याकरणात असतं. त्यातही मराठी वाचकाच्या हाताशी एक असं हत्यार आहे जे इंग्रजीच्या किंवा हिंदीच्या वाचकाला नाही. आपल्याकडे बहुवचनी प्रथमपुरुष दोन आहेत. 'आपण' म्हटलं की ऐकणारा आत येतो, 'आम्ही' म्हटलं की तो बाहेर राहतो. "आपण जेवायला बसू" आणि "आम्ही जेवायला बसतो" यांतला फरक दारात उभ्या असलेल्या पाहुण्याला बरोबर कळतो. कुठलीही कविता, पोवाडा, कादंबरी घ्या आणि एवढंच पाहा: मला आत घेतलं आहे की दारात उभं ठेवलं आहे?

इथे एक खबरदारी लगेच सांगतो, कारण सुरुवात करणारे इथेच चुकतात. मराठीत प्रत्येक 'आपण' हा 'तू आणि मी' नसतो. समोरच्याला आदरानं 'आपण' म्हणतात ("आपण कधी आलात?"). कुणाही माणसाबद्दल सर्वसाधारण बोलताना 'आपण' येतं ("आपण चांगलं वागावं"). 'स्वतः' या अर्थानंही येतं ("तो म्हणाला की आपण येणार नाही"). बोलण्यात तर 'आपल्याला काय त्याचं!' म्हणजे सरळ 'मला काय त्याचं' असतं. तसंच 'आम्ही': राजे, संपादक आणि जुने लेखक ते एकट्यासाठीच वापरत. म्हणून मोजदाद करताना आधी हे सगळे प्रकार बाजूला काढावे लागतात. उरतात ते खरे.

आणि काही मजकुरांत दोन्ही सर्वनामं नसतात, तरी काम तेच चाललेलं असतं. गोविंदाग्रजांचं, म्हणजे राम गणेश गडकरी यांचं, 'श्रीमहाराष्ट्रगीत' घ्या. 'राकट देशा, कणखर देशा, दगडांच्या देशा, नाजुक देशा, कोमल देशा, फुलांच्याही देशा.' ओळीमागून ओळीत 'देशा' हे संबोधन येतं. हाक समोर असलेल्यालाच मारतात. तेव्हा समोर होतं काय? गडकरी 1885 साली नवसारीला जन्मले आणि 1919 मध्ये सावनेरला वारले. नवसारी बडोदे संस्थानात, सावनेर मध्य प्रांतात. मराठी मुलूख मुंबई इलाखा, मध्य प्रांत व वऱ्हाड, निजामाचं हैदराबाद आणि लहानमोठी संस्थानं यांत विखुरलेला होता. 'महाराष्ट्र' नावाचं राज्य 1 मे 1960 ला झालं, म्हणजे कवी गेल्यानंतर 41 वर्षांनी. नकाशात ज्या नावाचं राज्य नव्हतं, त्याला कवितेनं समोर असल्यासारखी हाक मारली. पुढे लोक ती हाक म्हणत राहिले. राज्य आंदोलनानं आणलं, कवितेनं नाही, हे खरंच आहे. पण आंदोलन कशासाठी हे सांगताना जे नाव तोंडात आलं, ते तोंडात बसवायचं काम अशा गीतांनी केलं होतं.

त्या ओळीतला 'फुलांच्याही' मधला 'ही' सुटू देऊ नका. मुलूख दगडांचा, हे गृहीत धरलेलं आहे. फुलं ही भर आहे. राकटपणा ही मराठी माणसाची पहिली खूण आणि कोमलता ही मागून सांगायची गोष्ट, हा क्रम एका अक्षरात ठरला आहे. आजही मराठी माणूस स्वतःचं वर्णन करताना बहुधा याच क्रमानं करतो.

दुसरी जागा म्हणजे याद्या. नद्या, डोंगर, प्रांत यांची यादी ही कवितेतली हद्द असते. राजा बढे यांचं 'जय जय महाराष्ट्र माझा' 2023 पासून राज्यगीत आहे. त्यात रेवा, वरदा, कृष्णा, कोयना, भद्रा, गोदावरी या नद्या येतात. रेवा म्हणजे नर्मदा, वरदा म्हणजे विदर्भातली वर्धा असंच आपण समजतो. नाशिकपासून मराठवाड्यापर्यंत गोदावरी, पश्चिमेला कृष्णा-कोयना. आता या यादीत सावित्री, वाशिष्ठी, उल्हास शोधा. सह्याद्री उतरून पश्चिमेला जाणारी एकही नदी नाही. यात कवीचा काही डाव होता असं मी म्हणत नाही. छंदात सगळं मावत नाही. पण गाणाऱ्याच्या डोक्यात जो नकाशा उमटतो तो यादीचाच असतो. रवींद्रनाथ ठाकुरांचं 'जन गण मन' पाहा. 1911 च्या डिसेंबरात कलकत्त्याच्या काँग्रेस अधिवेशनात ते पहिल्यांदा गायलं गेलं तेव्हा सिंध हिंदुस्थानात होता. 1947 नंतर तो पाकिस्तानात गेला, गीतात मात्र राहिला. तो काढावा म्हणून प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं, तेव्हाही शब्द बदलला नाही. सिंधमधून आलेल्या कुटुंबांना या देशात हक्काची जागा दाखवणारा तो एक शब्द आहे. त्याच कवीचं 'आमार सोनार बांगला' 1905 च्या बंगालच्या फाळणीच्या विरोधातलं आणि त्याच्या पहिल्या दहा ओळी पुढे बांगलादेशाचं राष्ट्रगीत झाल्या. लिहिताना कवीच्या मनात एकसंध बंगाल होता; गाणारा देश त्या बंगालचा पूर्वेकडचा भाग आहे. शब्द तेच राहतात, 'आपण' कोण ते बदलतं.

यादीचा सगळ्यात हुशार वापर माझ्या मते अण्णाभाऊ साठे यांच्या 'माझी मैना गावावर राहिली' या छक्कडीत, म्हणजे लावणीच्याच एका प्रकारात, आहे. सुरुवात विरहाची आहे. पोटासाठी मुंबईला आलेला गडी गावी राहिलेल्या बायकोच्या आठवणीनं जिवाची काहिली झाल्याचं सांगतो. लावणीच्या श्रोत्याला हा ठेका आणि हे दुःख दोन्ही पाठ. पुढे तोच गडी म्हणतो की मैनेची भेट नाही, तशीच गत खंडित महाराष्ट्राची झाली आहे, आणि बेळगाव, कारवार, डांग, उंबरगाव ही नावं येतात. सीमावादाचं पत्रक कुणी गुणगुणत नाही. ही छक्कड मात्र गिरणगावात गुणगुणली गेली, कारण तिथल्या कितीतरी कामगारांची बायको खरोखरच गावी होती. हद्दीचं दुःख घरच्या दुःखाच्या मापानं मोजून दिलं. ही चारही नावं आधी आली असती तर हे जमलं नसतं. क्रम उलटा करून वाचून पाहा, लगेच कळेल.

आतापर्यंत सांगितलं ते आत घेण्याबद्दल. आता नकाराबद्दल, कारण ओळख तितकीच नकारानं घडते आणि मराठीत हा भाग फार मोलाचा आहे. 1885 साली पुण्यात ग्रंथकारांची दुसरी सभा भरायची होती. महात्मा फुल्यांना निमंत्रण होतं. त्यांनी पत्र लिहून नकार दिला. आशय असा: जे लोक माणसामाणसांत हक्कांचा भेद ठेवतात, त्यांच्या ग्रंथांतल्या भावार्थाशी आमच्या पुस्तकांचा मेळ बसत नाही. सभा म्हणत होती 'आपण मराठी ग्रंथकार', आणि फुल्यांनी उत्तर दिलं 'आम्ही' म्हणून. एका सर्वनामानं त्यांनी सभेच्या 'आपण'ची रुंदी दाखवून दिली. त्याआधी 1869 च्या पोवाड्यात त्यांनी शिवाजीराजांना 'कुळवाडी भूषण' म्हटलं होतं, म्हणजे राजा कुणाचा या प्रश्नाला शेतकऱ्यांच्या बाजूनं उत्तर दिलं होतं. 1958 मध्ये मुंबईतल्या पहिल्या दलित साहित्य संमेलनात अण्णाभाऊंनी सांगितलं की पृथ्वी शेषाच्या मस्तकावर नव्हे, दलितांच्या आणि कामगारांच्या तळहातावर तरली आहे. पुढच्या वीस वर्षांत दलित कवितेनं आणि आत्मकथनांनी मराठीला जे 'आम्ही' दिलं, त्यानं मराठी ओळख फुटली अशी तक्रार अजूनही कानावर येते. ती मला मान्य नाही. जो 'आपण' निम्म्या गावाला वेशीबाहेर ठेवून म्हटला जातो, तो आधीपासूनच 'आम्ही' असतो; फक्त त्याला कुणीतरी तसं सांगावं लागतं.

गोव्याचं उदाहरण मराठी वाचकाला जड जातं, तरी द्यायलाच हवं. आपल्या लेखनातला 'आपण' गोव्याला सहज आत धरत होता; तिथे मराठी लिहिणारे आणि वाचणारे भरपूर होते, आजही आहेत. पण शणै गोंयबाबांसारख्या लेखकांनी कोंकणीत लिहून वेगळं 'आमी' उभं केलं. 16 जानेवारी 1967 च्या जनमत कौलात गोव्यानं महाराष्ट्रात विलीन व्हायला नकार दिला, 1975 मध्ये साहित्य अकादमीनं कोंकणीला स्वतंत्र साहित्यभाषा मानलं आणि 1992 मध्ये ती राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत आली. शेजाऱ्यानं 'आम्ही' म्हटल्यावर आपण 'आपण'चा आग्रह धरू नये, एवढं तरी यातून घ्यावं.

आता सर्वनामाहून कमी दिसणारी, पण मला सगळ्यात महत्त्वाची वाटणारी गोष्ट: निवेदन कुणाच्या बोलीत आहे? ग्रामीण कथेतलं एखादं वाक्य बनवून पाहू. तो म्हणाला, "म्या न्हाई येनार." अवतरणचिन्हाच्या आत 'म्या', बाहेर 'तो म्हणाला'. ही दोन चिन्हं म्हणजे कुंपण आहे. आतला माणूस बोलतो, बाहेरचा त्याच्याबद्दल सांगतो, आणि वाचक बाहेरच्याच्या शेजारी बसलेला असतो. व्यंकटेश माडगूळकरांच्या 'बनगरवाडी'त हे अगदी योग्य आहे, कारण तिथे निवेदक बाहेरून आलेला मास्तर आहे. त्याची प्रमाण मराठी ही त्याच्या परकेपणाची खूण आहे. पण 1971 मध्ये दोन कादंबऱ्यांनी हे कुंपणच काढून टाकलं. आनंद यादवांच्या 'गोतावळा'मध्ये मळ्यावर राबणारा नारबा पहिल्या ओळीपासून कागलकडच्या बोलीत स्वतःच सांगतो. रा. रं. बोराडे यांच्या 'पाचोळा'मध्ये शिंप्याची बायको मराठवाड्याच्या बोलीत सांगते. प्रमाण मराठी बोलणारा वाचक इथे पाहुणा होतो. शब्द अडला तर थांबून कान त्यालाच द्यावा लागतो. प्रदेशाचं गुणगान न करता प्रदेश मध्यभागी आणण्याची यापेक्षा नेमकी युक्ती मला माहीत नाही.

याच कारणानं शब्दार्थांची यादीही वाचा. पाठ्यपुस्तकात बहिणाबाईंच्या कवितेखाली 'वढाय' म्हणजे ओढाळ, असा अर्थ दिलेला असतो. संस्कृतप्रचुर शब्दालाही अर्थ देतात, पण तो 'अवघड' म्हणून. बोलीतल्या शब्दाला देतात तो 'वेगळा' म्हणून. जळगावकडच्या मुलाला मात्र तिथे अर्थाची गरज नसते. कुठल्या शब्दाला अर्थ दिला आणि कुठल्या शब्दाला दिला नाही, यावरून पुस्तकाचा अपेक्षित वाचक कोण हे कळतं.

स्वतः करून पाहायचं असेल तर पूर्ण ग्रंथ नको, सलग वीस पानं पुरतात. तीन रंगांच्या पेन्सिली घ्या. पहिलीनं खरे 'आपण' आणि 'आम्ही', शिवाय 'ते लोक' अधोरेखित करा. दुसरीनं स्थळनावं, ती मग नकाशावर टिंबांनी मांडा आणि कोरा राहिलेला भाग पाहा. तिसरीनं बोलीतले शब्द, आणि समासात लिहा की ते अवतरणाच्या आत आहेत की बाहेर. शेवटी पहिल्या प्रकाशनाचं साल आणि रचनेचं साल वेगळं लिहा. बहिणाबाईंच्या ओव्या शेतात आणि जात्यावर कितीतरी आधी जन्मल्या. त्या पुस्तकात आल्या 1952 मध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर. रचनेच्या सालाचा परिणाम घरापुरता, प्रकाशनाच्या सालाचा सगळ्या महाराष्ट्रावर. ही दोन सालं एक समजली की कार्यकारण उलटं होतं. गीताच्या बाबतीत पूर्ण कडवी शोधा. समारंभात गायली जातात ती बहुधा निवडलेली असतात, आणि निवडणारा कवी नसतो.

सगळ्यात मोठी चूक मात्र वेगळीच: ओळख घडवणाऱ्या मजकुराला इतिहासाचा पुरावा मानणं. 'गड आला पण सिंह गेला' हे हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीचं नाव घराघरांत पोचलं आणि तानाजी पडल्यावर कोंढाण्याचं नाव सिंहगड झालं हे सर्वांना पाठ झालं. पण ती लढाई 1670 ची आणि 'सिंहगड' हे नाव 1663 च्या पत्रात आहे. तानाजीचं शौर्य यानं तसूभरही कमी होत नाही. कमी होते ती फक्त आपली बेसावधगिरी.

दोन परदेशी उदाहरणं शेजारी ठेवतो. फिनलंडमध्ये एलियास ल्योनरोट नावाच्या डॉक्टरनं खेड्यापाड्यांतल्या गायकांकडून गाणी गोळा केली आणि ती सांधून 'कालेवाला' रचलं. 1835 मध्ये पहिलं रूप, 1849 मध्ये 50 सर्गांचं आणि 22,795 ओळींचं दुसरं. गाणी लोकांची, जोडकाम त्याचं, आणि हे त्यानं लपवलं नाही. देश रशियाच्या झारखाली होता. स्वतंत्र झाला 1917 मध्ये. याउलट चेक भाषेत 1817 च्या सुमारास मध्ययुगीन म्हणून 'सापडलेली' हस्तलिखितं पुढे बनावट ठरली. तोवर त्यांच्यावर चित्रं, नाटकं, अभिमान सगळं उभं राहिलं होतं. 1886 मध्ये ज्या नियतकालिकानं त्यांच्या खरेपणावर उघड हल्ला चढवला, त्याचे संपादक टोमाश मासारिक होते. त्यांना देशद्रोही म्हटलं गेलं. 1918 मध्ये चेकोस्लोव्हाकिया जन्मला तेव्हा त्याचे पहिले राष्ट्राध्यक्ष तेच झाले.

सुरुवात कुठून करावी असंही तुम्ही विचारता. 'गोतावळा'ची पहिली वीस पानं मोठ्यानं वाचा. तिसरी पेन्सिल तिथे लगेच अडेल, कारण बोलीतला शब्द अधोरेखित करायचा म्हटलं तर पानभर रेघाच होतील. मग उलटं करा: त्या पानांत प्रमाण मराठी कुठे येते, कुणाच्या तोंडी येते आणि ती आली की नारबाला काय ऐकावं लागतं, तेवढंच टिपा.