प्रदत्त मत : एक

मतदानाच्या आदल्या संध्याकाळी आम्ही साहित्य घेऊन केंद्रावर पोहोचलो, तेव्हा बीएलओ ताई, म्हणजे मतदार यादीचं काम बघणाऱ्या केंद्रस्तरीय अधिकारी, शाळेच्या ओट्यावर याद्या मांडून बसल्या होत्या. एक नेहमीची मतदार यादी आणि दुसरी अनुपस्थित, स्थलांतरित, मयत लोकांची. दुसरीत मोजकीच नावं होती, त्यातही बहुतेक मयत. मी म्हटलं, "ताई, येताना पाहिलं, निम्म्या घरांना कुलूप आहे."

"मग काय करू सर? दिवाळी झाली की जातेत अन् उन्हाळ्यात येतेत. त्यांना स्थलांतरित कसं लिहू? एकदा नाव कटलं की परत फॉर्म भरत कोण बसतंय? उन्हाळ्यात येऊन माझ्याच दारात भांडतील."

ताईंचं चुकत नव्हतं. यादीला दोनच प्रकारची माणसं कळतात, इथं राहणारी आणि इथून गेलेली. वर्षातले पाच-सहा महिने गेलेली आणि तरीही इथलीच असलेली माणसं कुठल्या रकान्यात घालायची, हे तिला ठाऊक नाही.

मी बीड जिल्ह्यातला जिल्हा परिषदेचा शिक्षक, त्या दिवशी या केंद्राचा केंद्राध्यक्ष. ही गोष्ट २० नोव्हेंबर २०२४ ची, विधानसभेच्या मतदानाची. केंद्र बालाघाटच्या डोंगरपट्ट्यातलं. गावाचं नाव लिहीत नाही. त्या वर्षी साखर कारखान्यांचा गाळप हंगाम १५ नोव्हेंबरला सुरू करायचं ठरलं होतं. म्हणजे धुराडी पेटली आणि पाचव्या दिवशी मतदान. ऊसतोडीच्या टोळ्या त्याच्याही आधी निघालेल्या. मुकादमाची उचल, म्हणजे मजुरीची आगाऊ रक्कम, घेतलेली असते, कारखान्याची गाडी दारात येऊन उभी राहते. मतदान करून जातो म्हणायची सोय नसते. याच गावानं १३ मे रोजी लोकसभेला मतदान केलं होतं, तेव्हा कोयते, म्हणजे ऊसतोड मजूर, घरी होते. तो बीडचा निकाल ६,५५३ मतांनी लागला, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही पाठ आहे. सहा विधानसभा मिळून एवढा फरक. त्यामुळे ऊसतोडीला गेलेलं एकेक घर म्हणजे काय, हे उमेदवारांना आपल्यापेक्षा चांगलं कळतं.

पहाटे साडेपाचला मॉक पोल. प्रतिनिधींसमोर किमान ५० मतं टाकायची, मोजायची, व्हीव्हीपॅटच्या चिठ्ठ्या काढायच्या, मशीन क्लिअर करून सील लावायचं. प्रशिक्षणात हे इतकं घोकून घेतात की झोपेतही आठवावं. सातला दार उघडलं तेव्हा बाहेर रांग होती, पण सगळी म्हाताऱ्यांची.

त्यात एक आजी होत्या, दोन्ही डोळ्यांनी अधू. सोबत नातू. नियमानं सोबती अठरा वर्षांचा लागतो आणि हा पोरगा नववीतला. मी विचारलं, घरात दुसरं कुणी मोठं नाही का? नातूच म्हणाला, "समदे कारखान्यावर हायेत." एका पक्षाचा प्रतिनिधी लगेच खुर्चीवरून उठला, "मी जातो की आजीसंगं." आजींनी आवाजावरून त्याला ओळखलं आणि साफ सांगितलं, "तू बस खाली." शेवटी शेजारची एक सून आली, तिनं सोबत्याचं घोषणापत्र भरून दिलं आणि आजींचं मत झालं. त्या सुनेला नियमानं त्या दिवशी दुसऱ्या कुणाची सोबत करता येणार नव्हती. बाहेर अशा आणखी दोघी-तिघी बसलेल्या होत्या. त्यांच्यासाठी पुन्हा शोधाशोध.

नऊ वाजता टक्का कळवायचा, अकराला कळवायचा, मग एक, तीन, पाच. एकच्या आकड्यानंतर झोनल अधिकाऱ्यांचा फोन आला. "सर, तुमचं केंद्र लई मागं आहे. काहीतरी करा." मी काय करणार? केंद्राध्यक्षानं आलेल्याचं मत नीट होऊ द्यायचं असतं. न आलेल्याला आणायला जायचं नसतं. गावात फिरलो असतो तरी कुलपांनाच हाका मारल्या असत्या.

या 'टक्का वाढवा' प्रकाराचा मला थोडा रागच आहे. महिनाभर आमच्या शाळेतही मतदार जागृती चालली होती. प्रभातफेरी, रांगोळी, घोषणा. पोरांकडून पालकांसाठी संकल्पपत्रं भरून घेतली. 'आम्ही मतदान करणारच' आणि खाली पालकाची सही. माझ्या वर्गातल्या कितीतरी पत्रांवर सहीच्या जागी आजीचा अंगठा होता, कारण आईबाप सांगली-कोल्हापूरकडे नाहीतर कर्नाटकात, पाचटाच्या कोपीत. संकल्प कुणाचा आणि कोण करतंय! आणि दुसऱ्या दिवशी कुणीतरी शहरात बसून लिहितो, ग्रामीण मतदार उदासीन आहे.

उदासीन कसला? माझंच उदाहरण घ्या. मी ड्युटीवर होतो म्हणून माझ्या गावच्या केंद्रावर जाऊ शकत नव्हतो. पण माझं मत वाया गेलं नाही. आधीच अर्ज भरला होता, प्रशिक्षणाच्या ठिकाणी सुविधा केंद्रात टपाली मतपत्रिकेवर मत दिलं आणि मोकळा झालो. सैनिकाला टपाली मत आहे. ८५ च्या पुढच्या वृद्धांना आणि ४० टक्क्यांवर अपंगत्व असलेल्यांना घरी जाऊन मत घेतलं जातं. प्रतिबंधात्मक स्थानबद्धतेतल्या माणसालासुद्धा टपालानं मत देता येतं. कामामुळे गावाबाहेर असलेल्या कोयत्याला यातलं काहीच नाही. लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या १३५ब कलमात मतदानाच्या दिवशी भरपगारी सुट्टी आहे म्हणे. ज्याचा हिशेब टनावर होतो आणि एक दिवस चुकला तर वरून दंडाचा खाडा लागतो, त्यानं ही सुट्टी कुणाकडे मागायची? आणि सुट्टी मिळाली तरी तीनशे किलोमीटर यायचं कशानं?

निवडणूक आयोगाला हे ठाऊक नाही असं नाही. २०१९ च्या लोकसभेला सुमारे ३० कोटी मतदारांनी मत दिलं नाही, त्यात स्थलांतर हे एक मोठं कारण, असं आयोगानंच सांगितलं होतं. त्यातूनच दूरस्थ मतदान यंत्र तयार झालं. एकाच यंत्रावर ७२ मतदारसंघांचं मतदान घेता येईल असं. १६ जानेवारी २०२३ ला दिल्लीत सगळ्या पक्षांना बोलावून ते दाखवायचं होतं. विरोधी पक्षांनी हरकती घेतल्या आणि गाडी तिथंच थांबली. हरकती अगदीच पोकळ होत्या असंही मी म्हणणार नाही. कारखान्याच्या तळावर, मुकादमाच्या नजरेखाली ते मतदान घ्यायचं तर तिथं पक्षांचे प्रतिनिधी कोण असणार, मतदाराला ओळखणार कोण, हे प्रश्न खरेच आहेत. पण प्रश्न खरे आहेत म्हणून उत्तर शोधायचंच नाही, हे काही पटत नाही.

तर पाच वाजले. टक्का कळवला. आता आवराआवरीच्या तयारीला लागावं म्हणून मी लिफाफे काढून ठेवत होतो. सहाला वीस मिनिटं कमी असताना खाली रस्त्यावर गाड्यांचे हॉर्न. दोन क्रूझर आणि मागं एक पिकअप. धुळीनं माखलेली माणसं भराभर उतरली आणि शाळेच्या फाटकाकडे पळत सुटली. बायका कडेवरची लेकरं सावरत पळत होत्या. पोलीस शिपाई दचकून दारात आडवा उभा राहिला, त्याला वाटलं राडा झाला.

पहाटे उसाच्या फडातून निघून आली होती ही माणसं. काहींच्या हातावर उसाच्या पात्यांचे ताजे चरे होते. आमचे दोन नंबरचे मतदान अधिकारी नंतर म्हणाले, शाई लावताना बोट कुठं धरावं कळंना.

रांग लागते न लागते तोच एक प्रतिनिधी आत आला. "साहेब, ह्या गाड्या समोरच्या पार्टीच्या आहेत. यांचं मतदान घेऊ नका." उमेदवारानं मतदार आणायला गाड्या भाड्यानं लावणं हा गुन्हाच आहे. पण तो गुन्हा गाडी लावणाऱ्याचा. गाडीत बसलेल्याचं मत त्यानं बाद होत नाही. मी त्याला म्हटलं, भरारी पथकाचा नंबर भिंतीवर लावलाय, तिथं तक्रार करा. मी यादीतलं नाव आणि ओळखपत्र बघणार, गाडीची नंबरप्लेट नाही. तो फोन लावत बाहेर गेला. थोड्या वेळानं तोच रांगेतल्या एकाच्या खांद्यावर हात टाकून बोलताना दिसला. मी शिपायाला पाठवून त्याला बाजूला काढलं.

सहा वाजले. फाटक लावलं आणि मी सह्या केलेल्या चिठ्ठ्या घेऊन रांगेच्या शेवटी गेलो. एक नंबरची चिठ्ठी सगळ्यात शेवटच्या माणसाला, मग पुढं पुढं. असं केलं की मागून कुणी घुसत नाही. शेवटी उभा असलेला पोरगा एक नंबर बघून खूश झाला, त्याला वाटलं आपला नंबर पहिला लागला. पुढच्यानं त्याला समजावून सांगितलं तेव्हा रांगेत हशा पिकला.

उजेड गेला. वर्गात एक ट्यूबलाईट, ओट्यावर एक बल्ब. कंट्रोल युनिटचा बीप, मग पुढचा, मग बीप. सव्वासात वाजले असतील. एक नंबरचे अधिकारी यादीवर बोट ठेवून थांबले. "सर, इकडं या जरा."

चाळिशीचा माणूस समोर उभा होता. त्याच्या नावावर यादीत आधीच खूण झालेली.

मी नोंदवही मागवली. सकाळच्या गर्दीतली नोंद सापडली. ओळखपत्राच्या रकान्यात आधार, शेवटचे चार आकडे. आणि मतदाराच्या रकान्यात सही. वळणदार, पूर्ण नावाची.

"ही तुमची सही आहे का?"

त्यानं वाकून पाहिलं. "सही? मला सही करता येत असती तर कोयता कामून धरला असता, सर?"

"आधार कार्ड आहे जवळ?"

"ते मुकादमापशी. उचल घेताना दिलेलं." मग त्यानं बंडीच्या खिशातून पॉलिथिनची घडी काढली, उलगडली, आतून मतदान कार्ड काढून माझ्यासमोर धरलं. फोटो त्याचाच. यादीतल्या फोटोशीही जुळत होता. बोटावर शाईचा मागमूस नाही. बीएलओ ताई दारातूनच म्हणाल्या, हाच तो, मी ओळखते.

मी दोन्ही पक्षांच्या प्रतिनिधींकडे पाहिलं. सकाळपासून दोघं एकमेकांच्या प्रत्येक मतदारावर डोळा ठेवून होते. खोट्या मतदारावर हरकत घ्यायला फक्त दोन रुपये भरावे लागतात. या नावावर मात्र सकाळी कुणीच तोंड उघडलं नव्हतं, आणि आत्ताही दोघं आपापल्या कागदात डोकं घालून बसले. मला जे समजायचं ते समजलं, पण समजलेलं लिहिता येत नाही. लिहिता येतं ते घडलेलं. ते मी केंद्राध्यक्षाच्या दैनंदिनीत लिहिलं.

अशा वेळी मतदाराला परत पाठवायचं नसतं. त्याला प्रदत्त मत द्यायचं, ज्याला आम्ही सगळे टेंडर व्होट म्हणतो. मशीनवर नाही, कागदी मतपत्रिकेवर, बाणाच्या फुलीच्या शिक्क्यानं. आम्हाला अशा मतपत्रिका देतात आणि त्या बहुतेक ठिकाणी तशाच परत जातात. माझ्याही हातून पहिल्यांदाच निघत होती. वेगळ्या यादीत त्याचा अंगठा घेतला. शिक्का कसा मारायचा, घडी कशी घालायची ते सांगितलं. तो आडोशाआड गेला आणि बराच वेळ बाहेर आला नाही. बाहेर गाडीवाला हॉर्न मारत होता, रातोरात परतायचं होतं त्यांना. आला तेव्हा मतपत्रिकेची इतकी बारीक घडी केली होती की लिफाफ्यात सरळ बसेना.

"सर, मव्हं मत मशिनीत का नाही?"

"तुमच्या नावाचं मशिनीत आधीच पडलंय."

"मग हे मोजतेत का?"

खोटं सांगायला जीभ वळली नाही. म्हटलं, आता नाही मोजत. बंद लिफाफ्यात राहतं. कुणी कोर्टात गेलं आणि कोर्टानं सांगितलं तरच उघडतात. प्रशिक्षणात राजस्थानातलं नाथद्वाराचं उदाहरण देतात, २००८ ला तिथं उमेदवार एका मतानं पडला आणि टेंडर मतांचा वाद थेट सर्वोच्च न्यायालयात गेला. तेही त्याला सांगितलं.

"एका मतानं?" त्याला ते आवडलेलं दिसलं. "मग असू द्या. नीट ठेवा फकस्त."

रांगेतले शेवटचे आठेक जण झाले, ते एक नंबर चिठ्ठीवालं पोरगंही झालं. मी क्लोज बटण दाबलं. क्रूझर तोवर निघून गेल्या होत्या. टक्का शेवटच्या तासात असा वर गेला की झोनलनी फोन करून अभिनंदन केलं. त्या दिवशी राज्यात ६६ टक्क्यांच्या आसपास मतदान झालं, आमचं केंद्रही त्यात शोभून दिसलं.

तहसीलला पोहोचायला साडेअकरा झाले. साहित्य स्वीकारायच्या टेबलावर ही गर्दी. मशीन जमा केलं, मतांच्या हिशेबाचा नमुना सतरा क दिला. टेबलावरच्या कारकुनाकडे तपासणीचा छापील कागद होता, आणि त्यात प्रदत्त मतांच्या पुढं त्यानं आधीच सगळ्यांसाठी 'निरंक' लिहून ठेवलं होतं.

"आमचं निरंक नाही. एक आहे," मी म्हटलं.

"अहो सर, एकासाठी कुठं आता..." त्यानं मागच्या रांगेकडे पाहिलं.

मी लिफाफा त्याच्यासमोर ठेवला, घडीमुळे तो मधोमध फुगला होता. 'निरंक' खोडायला लावलं, तिथं १ लिहून घेतला आणि खाडाखोडीवर त्याची सही घेतली. मागचे सहकारी ओरडत होते, सर आवरा, बस निघाली.